पोर्टल उघडायच्या आधी एवढं वाचा
(आपल्या टेबलवर डी अँड डी खेळणाऱ्या सगळ्यांसाठी)

आपल्याकडे डंजन्स अँड ड्रॅगन्स खेळायला येणाऱ्या बऱ्याच ग्रुपची कॅरॅक्टर आता तेराव्या लेवलला टेकलीत, आणि तिथे पोचलं की सगळ्यांचा एकच प्रश्न, आता दुसऱ्या प्लेनमध्ये, म्हणजे वेगळ्या जगात, जाता येईल ना? येईल की. पण कसं जायचं, किती जणांनी जायचं आणि मुख्य म्हणजे परत कसं यायचं हे सेशनच्या मधेच समजावत बसलं की बाकीचे मोबाईल काढतात, म्हणून हा कागद छापलाय. नियम २०१४ च्या पाचव्या एडिशनचे आहेत, आपल्या टेबलांवर तीच चालते.

आधी नकाशा पटकन. आपलं नेहमीचं जग म्हणजे मटेरियल प्लेन. त्याला लागूनच परींचं फेवाइल्ड आणि सावल्यांचं शॅडोफेल. मग अग्नी, पाणी, वायू, पृथ्वी अशी चार एलिमेंटल प्लेन. आणि सगळ्यात लांब आउटर प्लेन, तिथे देव, डेव्हिल, डीमन सगळे आपापल्या स्वभावाप्रमाणे वस्ती करून आहेत.

जायचं साधन म्हणजे प्लेन शिफ्ट, सातव्या लेवलचा स्पेल, म्हणजे मंत्र (स्पेलची लेवल वेगळी, कॅरॅक्टरची वेगळी). टाकणारा आणि अजून आठ जण हात धरून गोल उभे राहतात आणि गायब. सगळे राजी पाहिजेत, एकजण जरी "मी नाही येत" म्हणाला तरी त्याला ओढून नेता येत नाही. (घोडा राजी आहे का आणि त्याचा हात कसा धरायचा, यावर आपल्याकडे भांडणं झालीत. डीएम, म्हणजे खेळ चालवणारा, म्हणेल ते फायनल.) यात उघडं दार वगैरे काही दिसत नाही, थेट तिकडे. आणि नेमक्या जागी पोचाल असंही नाही. अग्नीच्या प्लेनमधली सिटी ऑफ ब्रास म्हणालात तर शहराच्या रस्त्यावर उतराल किंवा आगीच्या समुद्रापलीकडून लांबून शहर बघत उभे राहाल, ते डीएमच्या हातात.

आता खरी गंमत सामानाची. या स्पेलला धातूचा दोन टोकांचा काटा लागतो, किमान २५० सोन्याच्या नाण्यांचा, आणि तो एकाच प्लेनला जुळवलेला असतो. कॉम्पोनंट पाउच (स्पेलच्या किरकोळ सामानाची पिशवी) आहे म्हणून सुटका नाही, किंमत लिहिलेली वस्तू खरोखरच जवळ लागते. म्हणजे जायचा काटा वेगळा, परतीचा वेगळा. लोक जायचा काटा मिळवायला तीन तीन सेशन घालवतात आणि मटेरियल प्लेनचा काटा कोणाकडे आहे हे कोणी विचारतच नाही!

त्यात स्लॉटची, म्हणजे स्पेल टाकायच्या मोजक्या संधींची, भानगड. तेराव्या-चौदाव्या लेवलला सातव्या लेवलचा स्लॉट एकच असतो, तो जाताना खर्च झाला, म्हणजे लाँग रेस्ट (रात्रभराची विश्रांती) होऊन तो पुन्हा मिळाल्याशिवाय परत येणं नाही. आणि चोवीस तासात एकाच लाँग रेस्टचा फायदा मिळतो, त्यामुळे सकाळी ताजेतवाने होऊन निघालात तर जवळपास पूर्ण दिवस तिकडेच काढायचा आहे, जिथे जाताय तिथे, आगीत असो नाहीतर डेव्हिलच्या शेजारी. पंधराव्या लेवलपासून आठव्या लेवलचा स्लॉट मिळतो, तो वापरून त्याच दिवशी परतता येतं. पण स्पेल टाकणारा एकटाच असेल आणि तोच मेला तर? नारदमुनींसारखं तिन्ही लोकांत मनात येईल तेव्हा फिरणं इथे होत नाही, काटा दोघांकडे ठेवा, निदान स्पेल येणारे दोघं असतील तर.

हाच स्पेल शत्रूवरही टाकता येतो. हात लावून अटॅक लागला आणि त्याचा करिश्मा सेव्ह (बचावाचा फासा) फेल गेला की तो तुम्ही सांगाल त्या प्लेनमध्ये कुठेतरी जाऊन पडतो, परत यायची सोय त्याची त्याने करायची. आमच्या मते या स्पेलचा सगळ्यात भारी वापर हाच.

उघडं दार हवं असेल तर गेट, नवव्या लेवलचा स्पेल, म्हणजे कॅरॅक्टरच्या सतराव्या लेवलपासून. किमान ५,००० सोन्याच्या नाण्यांचा हिरा लागतो, पण तो संपत नाही. दार ५ ते २० फुटी गोल, जास्तीत जास्त एक मिनिट, टाकणाऱ्याचं कॉन्सन्ट्रेशन (लक्ष) सुटलं की बंद. आत शिरायचं ते पुढच्याच बाजूने. दुसऱ्या प्लेनवरच्या कोणाचं खरं नाव घेतलंत तर तो खेचला येतो, टोपणनाव किंवा पदवी चालत नाही. आल्यावर तो तुमचं ऐकेल असं मात्र कुठेही लिहिलेलं नाही. आणि देवांच्या किंवा प्लेनच्या मालकांच्या हद्दीत ते हे दार उघडूच देत नाहीत, त्यांना वाटलं तर.

सिगिल या आउटर प्लेनमधल्या शहरात प्लेन शिफ्टने पोचायचा प्रयत्न करू नका. १९९४ मध्ये डी अँड डीच्या प्लेनस्केप सेटिंगसोबत हे शहर सविस्तर आलं, तिथे आत-बाहेर फक्त पोर्टलनेच, आणि प्रत्येक पोर्टलची किल्ली वेगळी, कधी वस्तू, कधी नुसता हातवारा. कुठलीही कमान पोर्टल असू शकते, म्हणून दिसेल त्या कमानीतून घुसायचं नाही, बास.

अजून एक, कारण हे मुद्दाम करणारे पण येतात: बॅग ऑफ होल्डिंग (खूप सामान मावणारी जादूची पिशवी) पोर्टेबल होलमध्ये (घडी करून नेता येणारा जादूचा खड्डा) टाकली की दोन्ही नष्ट, तिथे एक दार उघडतं आणि १० फुटांच्या आतले सगळे अॅस्ट्रल प्लेनमध्ये (हे आणखी एक प्लेन) कुठेतरी. ते दार एकतर्फी, बंद झालं की पुन्हा उघडत नाही. "बघू तर काय होतं" म्हणून केलंत तर पुढची दोन-तीन सेशन तिथेच जाणार, बाकीच्यांना विचारून करा.

प्लेन बदलायचं ठरलं की ग्रुपवर एक सेशन आधी टाका, डीएमला तिकडची तयारी करायला वेळ लागतो. कोणते काटे कोणाकडे आहेत ते कॅरॅक्टर शीटवर लिहून आणा, "माझ्याकडे होता की" हे टेबलवर चालणार नाही. कोरी शीट काउंटरवर मिळेल.