शटल सुटण्याआधीचा पाव सेकंद

बॅडमिंटनपटू तनिषा क्रास्तोचा विषय गोव्यात निघाला की आधी पॅरिस 2024 ची आठवण निघते. मूळ गोव्याची, जन्म दुबईचा, एकविसाव्या वर्षी ऑलिंपिकच्या कोर्टवर. अश्विनी पोन्नप्पाबरोबर ती महिला दुहेरीत उतरली आणि कोरिया, जपान, ऑस्ट्रेलिया या तिन्ही जोड्यांकडून गटातच हरली. बहुतेकांचं बोलणं इथेच संपतं. मला मात्र वाटतं, दुहेरी खेळणाऱ्या मुलीचं मोजमाप आपण भलत्याच जागी करतो. तिचं खरं कसब शटल प्रतिस्पर्ध्याच्या रॅकेटला लागायच्या आधी पणाला लागतं, आणि ते स्कोअरबोर्डवर कुठेच उमटत नाही.

ते का, हे कळायला आधी शटल हातात घेऊन बघायला हवं. वजन 4.74 ते 5.50 ग्रॅम. बुचाच्या गोल टोपीत 16 पिसं खोवलेली. चांगल्या शटलमधली सगळी पिसं पक्ष्याच्या एकाच बाजूच्या पंखातली असतात, त्यामुळे ती एकाच दिशेने एकमेकांवर चढतात आणि शटल उडताना नेहमी एकाच बाजूला गरगरतं. रॅकेट बसली की जड बूच झटकन फिरून पुढे होतं आणि पिसांचा घेर मागे राहून हवा अडवतो. हा अडथळा वेगाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढतो. वेग दुप्पट केला की अडथळा चौपट.

याचा परिणाम चकित करणारा आहे. उंचावरून सोडलेलं शटल सेकंदाला जेमतेम 6.8 मीटरचा वेग गाठतं, त्यापुढे त्याचा वेग वाढत नाही. या एका आकड्यावरून गणित मांडलं तर दिसतं की जोरात मारलेल्या शटलचा वेग दर सव्वातीन मीटरला निम्मा होतो. मलेशियाच्या पर्ली टॅनने एप्रिल 2023 मध्ये मुद्दाम घेतलेल्या चाचणीत ताशी 438 किलोमीटरचा स्मॅश (वरून खाली जोरात हाणलेला फटका) मारला, तो महिलांचा विक्रम ठरला. तसाच स्मॅश नऊ मीटर दूर उभ्या असलेल्या खेळाडूपाशी पोचेल तेव्हा त्याचा वेग ताशी 65 किलोमीटरच्या आसपास उरलेला असेल. सगळा कहर पहिल्या दोन-तीन मीटरमध्येच संपतो.

आता वेळेचा हिशेब. ताशी 400 किलोमीटरने सुटलेलं शटल नऊ मीटर जायला साधारण 0.25 सेकंद घेतं, ताशी 300 ने सुटलेलं 0.33 सेकंद. फरक सेकंदाच्या बाराव्या हिश्शाएवढा. पण डोळ्यांनी काही बघून हात हलायलाच माणसाला सुमारे 0.2 सेकंद लागतात, रॅकेट फिरवायचा वेळ त्यानंतरचा. म्हणजे 400 च्या स्मॅशनंतर हातात उरतात 0.05 सेकंद आणि 300 च्या स्मॅशनंतर 0.13, जवळजवळ अडीचपट. महिला दुहेरीतले स्मॅश पुरुषांच्या मानाने कमी वेगाचे असतात, म्हणून तिथे रॅली लांबतात, स्मॅशवर स्मॅश परत येतात, ते याच उरलेल्या वेळामुळे. बायकांचा खेळ संथ असतो असं म्हणणाऱ्यांनी हे गणित एकदा करून बघावं. बचाव शक्य असतो म्हणूनच गुण जिंकायला डावपेच आणि दम दोन्ही जास्त लागतात.

मिश्र दुहेरीत घड्याळ आणखी आक्रसतं. तिथे जोडीतली मुलगी बहुतेक वेळ नेटजवळ असते. सहा मीटरवरून ताशी 300 ने आलेलं शटल तिच्यापाशी 0.15 सेकंदात पोचतं. बघून मग हालचाल करायची म्हटलं तर शटल केव्हाच मागे गेलेलं असेल. तरीही या मुली ते अडवतात. कसं?

1987 साली ब्रूस अॅबरनेथी आणि रसेल या संशोधकांनी याच प्रश्नासाठी बॅडमिंटनचे फटके चित्रित केले आणि फिल्म मध्येच तोडून खेळाडूंना विचारलं, शटल कुठे पडेल ते सांगा. कधी रॅकेट लागण्याच्या क्षणी तोडली, कधी त्याआधी 80 मिलिसेकंद, कधी 170. निष्णात खेळाडूंना अगदी आधी तोडलेल्या फिल्ममधूनही अंदाज बांधता येत होता, नवख्यांना तो तितका जमत नव्हता. मग त्यांनी चित्रातला एकेक भाग झाकून पाहिला. नवखे फक्त रॅकेटवर विसंबून होते, निष्णात खेळाडू रॅकेट धरलेल्या हाताकडूनही माहिती घेत होते. सर्वांत मोलाची गोष्ट पुढेच आहे. दोघांचे डोळे साधारण त्याच जागांवर फिरत होते. फरक नजरेचा नव्हता, दिसलेल्याचा अर्थ लावण्याचा होता. आपण ज्याला ‘जन्मजात चपळाई’ म्हणून मोकळे होतो, त्यातला मोठा भाग शिकलेला असतो.

दुहेरीत हा अर्थ दोघींनी एकाच वेळी लावायचा असतो. मधून येणारं शटल कोणी घ्यायचं, जोडीदारीण पुढे सरकली तर मागची जागा कधी भरायची, हे बोलून ठरवायला सवड नसते. समोरच्या दोघींसोबत शेजारचीही हालचाल आधी ओळखावी लागते. म्हणून मला तनिषाच्या कारकिर्दीत पदकांइतकीच जोड्यांची यादी महत्त्वाची वाटते. जानेवारी 2022 मध्ये लखनौला सय्यद मोदी स्पर्धेत ईशान भटनागरबरोबर मिश्र दुहेरीचं विजेतेपद. 2023 मध्ये अश्विनीबरोबर नवी जोडी, आणि त्याच वर्षी अबुधाबी आणि गुवाहाटी मास्टर्स खिशात. अश्विनी तिच्याहून जवळजवळ चौदा वर्षांनी मोठी, 2011 मध्ये ज्वाला गुट्टाबरोबर जागतिक स्पर्धेत कांस्य मिळवलेली. फेब्रुवारी 2024 मध्ये भारतीय महिलांनी आशियाई सांघिक स्पर्धेत पहिल्यांदाच सुवर्ण जिंकलं, त्या संघातही तनिषा होती. आणि पॅरिस ऑलिंपिकनंतर वर्षभराने त्याच शहरात, 2025 च्या जागतिक स्पर्धेत, ध्रुव कपिलाबरोबर हाँगकाँगच्या मानांकित जोडीला हरवून ती मिश्र दुहेरीच्या उपांत्यपूर्व फेरीत पोचली. महिला दुहेरीचं आणि मिश्र दुहेरीचं घड्याळ वेगळं, जोडीदार वेगळा, कोर्टवरची जागाही वेगळी. दोन्हीकडे त्या पातळीवर टिकायचं तर अंदाजाचे दोन निरनिराळे साचे अंगात मुरवावे लागतात. मला याचं मनापासून कौतुक वाटतं.

गोव्यात खेळणाऱ्या मुलींसमोर आणखी एक गोष्ट असते, इथली हवा. पावसाळ्यात कोर्टवर हमखास ऐकू येतं, ‘आज हवा जड आहे, शटल जाईना.’ भौतिकशास्त्र उलटं सांगतं. पाण्याच्या वाफेचा रेणू नायट्रोजन आणि ऑक्सिजनच्या रेणूंपेक्षा हलका असतो, त्यामुळे दमट हवा कोरड्या हवेपेक्षा किंचित विरळच असते. त्यात आपला उकाडा. युरोपातल्या 15 अंशांच्या हॉलपेक्षा 32 अंशांचा आपला दमट हॉल सहा-सात टक्के विरळ हवेचा असतो, आणि तेच शटल इथे लांब जातं. म्हणून शटलच्या ट्यूबवर 76, 77, 78 असे वेगाचे आकडे असतात, उष्ण जागी लहान आकड्याचं म्हणजे मंद शटल घ्यायचं. तपासायची रीतही सोपी आहे. मागच्या रेषेवरून खालून पूर्ण ताकदीने मारलेलं शटल समोरच्या मागच्या रेषेच्या 53 ते 99 सेंटीमीटर आत पडायला हवं. सरावाला आलेल्या मुलींना हे करायला लावलं तर वर्गातला हवेचा धडा कायमचा डोक्यात बसेल.

जड होतं ते शरीर. एक लिटर घाम त्वचेवरून वाळला तर सुमारे 2400 किलोज्यूल उष्णता घेऊन जातो. पण दमट हवेत तो वाळतच नाही, कोपरावरून टपटप जमिनीवर पडतो आणि त्याने शरीर निवत नाही. वर शटल भरकटू नये म्हणून पंखे बंद, दारं लोटलेली. ताळगाव-नावेलीची मोठी स्टेडियम सोडा, गावच्या हॉलमध्ये मे महिन्यात लांब रॅली खेळणं म्हणजे काय, ते खेळलेल्यालाच ठाऊक. थकलेला मेंदू आधी अंदाज गमावतो असं मला प्रशिक्षकांना सांगावंसं वाटतं: पाय ओढायला लागण्याची वाट बघू नका, मुलगी फसायला लागली की पाणी द्या.

आणि दुहेरीला दुय्यम मानू नका. पालकांना एकेरी हवी असते, दुहेरी म्हणजे उरलेल्यांची सोय, हा समज आपल्याकडे अजून घट्ट आहे. अॅबरनेथींना फिल्म कापावी लागली होती, आज फोन पुरतो. कोर्टच्या एका टोकाला फोन उभा करा, जोडीतल्या मुलींचे फटके चित्रित करा, मग कडेला बसवून व्हिडिओ रॅकेट लागण्याच्या क्षणी थांबवा आणि विचारा, ड्रॉप (नेटजवळ हळूच टाकलेला फटका) की स्मॅश, डावीकडे की उजवीकडे. दोघींनी एकमेकींचं न बघता उत्तर कागदावर लिहायचं. जमायला लागलं की थोडं आधी थांबवा, मग आणखी आधी. दोघींची उत्तरं कुठे जुळत नाहीत ते मांडून ठेवा आणि दुसऱ्या दिवशीचा सराव तिथूनच सुरू करा.