२५०० रेटिंग झालं म्हणजे ग्रँडमास्टर? नाही

बुद्धिबळात एखाद्याचं रेटिंग, म्हणजे खेळाची ताकद दाखवणारा आकडा, २५०० झालं की तो ग्रँडमास्टर (खेळातला सर्वोच्च किताब) झाला, असं सर्रास लिहिलं जातं. पण रेटिंग ही फक्त एक अट. दुसरी अट नॉर्मची, आणि बहुतेकांचं घोडं तिथेच अडतं.

नॉर्म म्हणजे एका स्पर्धेत किमान २६०० रेटिंगच्या खेळाडूला साजेशी कामगिरी. असे नॉर्म मिळून किमान २७ डाव लागतात, म्हणून नऊ फेऱ्यांच्या स्पर्धांत सहसा तीन. प्रतिस्पर्ध्यांचं सरासरी रेटिंग २३८० असेल, तर नऊपैकी सात गुण हवेत. सरासरी २४७५ असेल तर सहा पुरतात. गुण जमूनही नॉर्म हुकतो, कारण त्या नऊ जणांत किमान तीन ग्रँडमास्टर असावे लागतात. स्विस पद्धतीत दर फेरीला साधारण सारखे गुण असलेल्यांच्या जोड्या लावतात, त्यामुळे कोण समोर येईल हे आपल्या हाती नसतं.

रेटिंग मात्र एकदा २५००ला टेकलं की पुरे, स्पर्धेच्या मध्यावर टेकलं तरी चालतं. पुढे घसरलं तरी किताब आयुष्यभर राहतो.

याला अपवादही आहे. नागपूरच्या दिव्या देशमुखकडे ग्रँडमास्टरचा एकही नॉर्म नव्हता आणि रेटिंगही २५००च्या खाली होतं. जुलै २०२५मध्ये जॉर्जियातल्या बातुमीत कोनेरू हम्पीला टायब्रेकमध्ये (बरोबरी फोडण्यासाठीच्या डावांत) हरवून तिने महिला विश्वचषक जिंकला आणि किताब थेट मिळाला. ‘महिला ग्रँडमास्टर’ ती आधीच होती, पण तो किताब वेगळा: रेटिंग २३००, नॉर्म २४०० कामगिरीचा. बातम्यांत दोन्हींची सरमिसळ नेहमीचीच.