नस जाळण्याआधीची परीक्षा

‘रेडिओफ्रिक्वेन्सीने नस जाळावी लागेल’ असे डॉक्टरांनी म्हटले, की वर्षानुवर्षे मान किंवा कंबर दुखत असलेल्या माणसाच्या मनात पहिली भीती येते ती हात किंवा पाय लुळा पडण्याची. ही भीती अगदी स्वाभाविक आहे. कारण पाठीच्या कण्यातून निघणाऱ्या नसा, म्हणजे मज्जातंतू, हातापायांना चालवतात एवढेच आपल्याला सहसा ठाऊक असते. या उपचारात मात्र ज्या नसेला हात लावला जातो ती वेगळीच, धाग्यासारखी बारीक शाखा असते. ती कुठून येते आणि काय करते हे एकदा समजले, की हा उपचार कोणाला लाभतो आणि कोणाला लाभत नाही, हेही उलगडू लागते.

आपले मणके एकावर एक रचलेले असतात. पुढच्या बाजूला दोन मणक्यांमध्ये चकती असते हे बहुतेकांना माहीत असते, पण मागच्या बाजूला डावीकडे आणि उजवीकडे एकेक छोटा सांधा असतो, त्याची ओळख फारशी कोणाला नसते. याला फॅसेट सांधा म्हणतात. गुडघ्याप्रमाणेच त्यालाही गुळगुळीत कूर्चा असते, वंगणासारखा द्रव असतो आणि भोवती आवरण असते. म्हणूनच गुडघ्याप्रमाणे तो झिजतो, सुजतो आणि दुखतो. वाहनाला मागून धडक बसून मानेला जोराचा झटका बसला, तर मानेतले हे सांधे दुखावतात आणि जखम वरून दिसत नसली तरी दुखणे वर्षानुवर्षे रेंगाळू शकते. कंबरेतल्या सांध्याचे दुखणे कुल्ल्यात किंवा मांडीत उतरते, तर मानेतले डोक्याच्या मागच्या भागात किंवा खांद्याच्या फऱ्यापर्यंत पसरते. पायाच्या बोटांपर्यंत जाणारी कळ, मुंग्या किंवा बधिरपणा ही लक्षणे बहुधा मूळ नसच दबल्याची असतात आणि त्यावर हा उपचार नाही.

मज्जारज्जूतून निघालेली मूळ नस मणक्यांबाहेर पडताच दुभंगते. तिची जाड शाखा पुढे हातापायांकडे जाते आणि बारीक शाखा मागे पाठीकडे वळते. या मागच्या शाखेची आतल्या बाजूची फांदी, जिला वैद्यकात ‘मीडियल ब्रँच’ म्हणतात, फॅसेट सांध्याची वेदना मेंदूकडे नेते आणि कण्याला बिलगून असलेल्या मल्टिफिडस नावाच्या स्नायूलाही चालना देते. हातापायांच्या हालचालींशी तिचा संबंध नसतो. प्रत्येक सांध्याला अशा दोन फांद्या मिळतात, त्यामुळे एक सांधा शांत करायचा तर दोन नसा बंद कराव्या लागतात. कंबरेच्या चौथ्या आणि पाचव्या मणक्यांमधला सांधा दुखत असेल, तर तिसऱ्या आणि चौथ्या नसेच्या फांद्या गाठायच्या असतात.

इथपर्यंतचा भाग सोपा आहे. दुखणे याच सांध्यातून येते आहे हे ठरवायचे कसे, हा खरा कठीण प्रश्न आहे आणि माझ्या मते या उपचाराचे यशापयश सर्वांत जास्त याच प्रश्नाच्या उत्तरावर अवलंबून असते. एमआरआयमध्ये सांधा झिजलेला दिसला म्हणजे तोच दुखतो आहे, असे समजणे चूक आहे. काहीही न दुखणाऱ्या असंख्य लोकांच्या एमआरआयमध्येही तशीच झीज दिसते, आणि चित्रात सुस्थितीत दिसणारा सांधाही दुखत असू शकतो. हाताने दाबून किंवा पाठ मागे वाकवायला लावूनही खात्रीचा निर्वाळा मिळत नाही. म्हणून आधी एक चाचणी करतात. क्ष-किरणांच्या साहाय्याने त्या बारीक फांदीजवळ भुलीच्या औषधाचे जेमतेम अर्धा मिलिलिटर इंजेक्शन देतात, आणि मग रुग्णाने नेमके तेच करायचे असते जे एरवी दुखते: वाकायचे, मान वळवायची, बराच वेळ बसून उठायचे, आणि दर थोड्या वेळाने दुखणे किती उरले ते लिहून ठेवायचे. औषधाचा अंमल असेपर्यंत दुखणे जवळजवळ नाहीसे झाले आणि अंमल उतरताच परतले, तर संशय बळावतो.

तरीही एका चाचणीवर पूर्ण विसंबता येत नाही. इंजेक्शन घेतले या विश्वासानेही काही काळ बरे वाटते, आणि औषध थोडे जास्त पसरले तर शेजारचा भागही बधिर होतो. अभ्यासांमध्ये एकाच चाचणीचे होकारार्थी निकाल साधारण २५ ते ४० टक्के वेळा फसवे निघालेले आहेत. यावर उपाय म्हणून काही तज्ज्ञ वेगळ्या दिवशी, शक्यतो कमी-अधिक काळ टिकणारे दुसरे औषध वापरून, चाचणी पुन्हा करतात आणि दोन्ही वेळा किमान ८० टक्के आराम पडला तरच पुढे जातात. काही ठिकाणी एकच चाचणी आणि ५० टक्के आराम पुरेसा मानला जातो. रुग्णाला दुसऱ्या चाचणीचा कंटाळा येतो हे खरे, पण जी नस दोषी नाही ती जाळून घेण्यापेक्षा तो एक जादा दिवस नक्कीच परवडतो.

प्रत्यक्ष उपचारात रुग्णाला पालथे झोपवून फक्त त्वचेला आणि खालच्या थरांना भूल देतात. क्ष-किरण यंत्र तिरके केले की पडद्यावर कंबरेचा मणका चक्क एका छोट्या कुत्र्यासारखा दिसतो: नाक, कान, डोळा, पुढचा पाय, सगळे ओळखू येते. नाक म्हणजे मणक्याच्या बाजूला निघालेले हाड आणि कान म्हणजे सांध्याचा वरचा उंचवटा. ही दोन हाडे जिथे मिळतात, त्या खोबणीतून ती नस जाते आणि सुई तिथे न्यायची असते. सुईचे टोक, सुमारे ५ ते १० मिलिमीटर, उघडे असते आणि बाकी सुईवर विद्युतरोधक आवरण असते. उष्णता देण्याआधी सेकंदाला दोन वेळा हलके विद्युतस्पंद सोडून पाहतात. कण्यालगतचा स्नायू त्या तालावर थडथड उडतो आणि डॉक्टरांची नजर पायावर असते. पाय हलला तर सुई मूळ नसेच्या जवळ आहे, ती मागे घ्यायची.

त्यानंतर सेकंदाला सुमारे पाच लाख वेळा दिशा बदलणारा विद्युतप्रवाह सोडला जातो. इथे एक गैरसमज दूर करायला हवा: ही तापवलेली सुई नसते. प्रवाहामुळे टोकाभोवतीच्या ऊतींमधले विद्युतभारित कण वेगाने पुढेमागे होतात, त्यांच्या घर्षणातून ऊतीच तापते आणि सुई तिच्यामुळे गरम होते. साधारण ४५ अंश सेल्सिअसच्या वर मज्जातंतूला कायमची इजा होऊ लागते. उपचारात ८० ते ९० अंश तापमान एक ते दोन मिनिटे राखतात. हा भाजलेला भाग सुईच्या अंगाभोवती लंबगोल पसरतो, टोकाच्या पुढे मात्र फारच थोडा. १९८७ मध्ये ऑस्ट्रेलियातील निकोलाय बॉगडक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी ही बाब दाखवून दिली, तेव्हा नसेवर काटकोनात टोचलेली सुई तिला धड भाजतच नाही हे स्पष्ट झाले. सुई नसेला समांतर झोपवावी लागते. १९७० च्या दशकात या पद्धतीचा प्रसार झाल्यानंतर कित्येकांना गुण का आला नसावा, याचे एक सरळ कारण त्यात मिळते.

पुराव्यांकडेही याच नजरेने पाहावे लागते. १९९६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका चाचणीत, झटक्याने मान दुखावलेले आणि काटेकोरपणे निवडलेले २४ रुग्ण होते. निम्म्यांची नस ८० अंशांवर तापवली आणि उरलेल्यांना सगळे तसेच करून तापमान मात्र शरीराइतकेच, ३७ अंश ठेवले. दुखणे पूर्वीच्या निम्म्यापर्यंत परतायला पहिल्या गटात मध्यकाने (म्हणजे निम्म्यांना याहून कमी, निम्म्यांना जास्त) २६३ दिवस लागले, तर दुसऱ्या गटात अवघे ८. याउलट नेदरलँड्समधल्या ६८१ कंबरदुखीच्या रुग्णांवरच्या, २०१७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासांत व्यायामाच्या जोडीला हा उपचार दिल्याने नुसत्या व्यायामापेक्षा म्हणण्यासारखा फायदा दिसला नाही. तिथे फॅसेट सांध्यांसाठी एकच चाचणी आणि ५० टक्के आराम एवढ्यावर निवड झाली होती. केवळ तेवढ्यानेच निकाल फिरला असे म्हणणे घाईचे ठरेल, कारण पहिला अभ्यास फारच छोटा आणि मानेपुरता होता. पण निवड सैल झाली की गुण पातळ होतो, ही शंका रास्त वाटते.

उपचारानंतर आठवडा-दोन आठवडे जागा ठणकते. काहींना त्वचेवर उन्हाने भाजल्यासारखी चुणचुण जाणवते आणि तीही हळूहळू ओसरते. मानेच्या अगदी वरच्या सांध्यासाठी हा उपचार केला, तर डोक्याचा मागचा भाग काही काळ बधिर राहतो आणि चालताना तोल गेल्यासारखे वाटू शकते, याची कल्पना रुग्णाला आधीच द्यायला हवी. जंतुसंसर्ग किंवा मूळ नसेला इजा या गोष्टी क्वचित घडतात. हृदयात पेसमेकर असेल किंवा रक्त पातळ करणारी औषधे चालू असतील, तर ते न विसरता सांगावे.

जाळलेली नस कायमची जात नाही. तिचे आतले तंतू मरतात, परंतु पेशी मज्जारज्जूजवळ जिवंत राहते आणि नवे तंतू दिवसाला साधारण एक मिलिमीटर या वेगाने जुन्या वाटेवरून पुन्हा वाढू लागतात. म्हणून आराम बहुधा सहा महिने ते वर्षभर टिकतो, काहींना त्याहून अधिक. मल्टिफिडस या मुदतीत काहीसा दुबळा राहतो, तेव्हा दुखणे थांबले म्हणून स्वस्थ बसण्याऐवजी कण्याचे व्यायाम याच काळात नेटाने करायचे असतात. नस परत आली की दुखणेही परतू शकते आणि उपचार पुन्हा करता येतो. पहिल्या वेळी चांगला गुण आला असेल तर दुसऱ्या वेळीही बहुधा तसाच येतो. मात्र परतलेले दुखणे जुन्याच जागी आहे की दुसऱ्याच ठिकाणी, हे नीट पाहावे लागते. जागा बदलली असेल, तर अर्ध्या मिलिलिटरची ती चाचणी पुन्हा पहिल्यापासून करावी लागते.