पाळीव प्राण्यांतील गाठींची दुर्बिणीद्वारे शस्त्रक्रिया

पोट किंवा छाती पूर्ण न उघडता, लहान छिद्रांतून कॅमेरा व लांब दांड्याची हत्यारे आत घालून कुत्र्या-मांजरांच्या शरीरातील गाठ काढण्याची पद्धत. पोटातील शस्त्रक्रियेला लॅपरोस्कोपी, छातीतीलला थोरॅकोस्कोपी म्हणतात. हे तंत्र माणसांकडून प्राण्यांकडे आले, असे सहसा मानले जाते. पण १९०१ मध्ये गेओर्ग केलिंग या जर्मन डॉक्टरांनी हँबर्गच्या परिषदेत पोटाची दुर्बीण तपासणी करून दाखवली, ती कुत्र्यावरच.

प्राण्याला पूर्ण भूल देऊन पोटावरचे केस काढतात आणि नळीवाटे कार्बन डायऑक्साइड भरतात. पोट तंबूसारखे वर उचलले जाते व हत्यारांना जागा मिळते. वायूचा दाब साधारण ८ ते १२ मिमी पारा एवढाच ठेवतात. जास्त झाला तर श्वासपटल (छाती व पोट यांमधला स्नायूचा पडदा) दाबले जाते. कुत्र्यांसाठी बहुधा ५ मिमीच्या नळ्या वापरतात, मांजरांसाठी ३ मिमीच्याही. सुटी झालेली गाठ छिद्रातून तशीच ओढत नाहीत. आतच ती पिशवीत घालतात, मग गरजेपुरते छिद्र वाढवून पिशवीसकट बाहेर काढतात. नाहीतर कर्कपेशी छिद्राच्या कडेला सांडून तिथे नवी गाठ उगवू शकते.

खरे कौशल्य गाठ निवडण्यात आहे. महाशिरेत (हृदयाकडे रक्त नेणाऱ्या मोठ्या शिरेत) न घुसलेली, मूत्रपिंडाजवळच्या अधिवृक्क ग्रंथीची लहान गाठ, पोटातच राहिलेल्या वृषणाची गाठ, फुप्फुसाच्या कडेची एकटी गाठ या पद्धतीला सोयीच्या. प्लीहेची मोठी, रक्ताने भरलेली गाठ हाताळतानाच फुटू शकते; तिथे पोट उघडणेच शहाणपणाचे. त्वचेवरील मास्ट सेल (एक प्रकारच्या रोगप्रतिकारक पेशी) गाठीला छिद्राचा उपयोगच नाही, कारण तिच्याभोवतीची २-३ सेंमी निरोगी त्वचाही कापावी लागते. मूत्राशयाच्या कर्करोगात दुर्बिणीतून लेसरने अडथळा मोकळा करता येतो. रोग मात्र राहतो.

रक्तस्राव आवरला नाही तर मधेच पोट उघडावे लागते, म्हणून मालकाची संमती दोन्हींसाठी आधीच घेतात. काढलेली गाठ सूक्ष्मदर्शकाखालील तपासणीसाठी पाठवतात. कडेपर्यंत कर्कपेशी आहेत का, ते तिथेच कळते.

वेदना कमी असल्याने कुत्रा दुसऱ्याच दिवशी सोफ्यावर उडी मारू पाहतो. आतली जखम मात्र तितकी लवकर भरत नाही. त्यामुळे टाके भरेपर्यंत गळ्यात प्लास्टिकची कॉलर आणि फिरणे पट्ट्यानेच.