निसर्ग चलचित्रकार (बेळगाव सीमाभाग)

वन्य प्राणी, पक्षी, कीटक व वनस्पती यांचे त्यांच्या अधिवासात चलच्चित्रण करणारा, मुख्यतः माहितीपटांसाठी काम करणारा व्यावसायिक. बेळगाव जिल्ह्यात या कामाला सर्वाधिक वाव आहे तो खानापूर तालुक्याच्या पश्चिमेकडील जांबोटी, कणकुंबी, तळेवाडी या घाटमाथ्याच्या मराठीभाषक पट्ट्यात. 2011 मध्ये घोषित झालेले भीमगड अभयारण्य येथेच आहे.

या कलेच्या उगमाविषयी एकमत नाही. काही अभ्यासक छायाचित्रकार मायब्रिजच्या 1878 मधील धावत्या घोड्याच्या चित्रमालिकेपासून प्रारंभ मानतात. मात्र तो घोडा पाळीव होता आणि कॅमेऱ्यांची रांग आधीच मांडून ठेवलेली होती. फ्रेंच शरीरक्रियाशास्त्रज्ञ मारे याने 1882 मध्ये बंदुकीच्या आकाराच्या कॅमेऱ्याने उडत्या पक्ष्यांची सेकंदाला 12 चित्रे टिपली. प्राण्याच्या मागे कॅमेरा फिरवणे हे या व्यवसायाचे लक्षण धरल्यास मारेचा दावा अधिक सयुक्तिक वाटतो. सलग कथन असलेला निसर्गपट मात्र विसाव्या शतकाच्या आरंभीचा होय.

भीमगड परिसरातील सर्वांत अवघड विषय म्हणजे बारापेडे गुहांतील राउटनचे मुक्तपुच्छ वटवाघूळ. 1913 मध्ये ब्रिटिश प्राणिशास्त्रज्ञ टॉमसने त्याचे शास्त्रीय वर्णन केले. पुढे कित्येक दशके या जातीचे हे एकच ठिकाण ज्ञात होते. नंतर ती मेघालय व कंबोडियातही आढळली. वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या, म्हणजे सर्वाधिक संरक्षण देणाऱ्या, अनुसूचीत स्थान मिळालेल्या मोजक्या वटवाघळांत तिचा समावेश होतो. गुहेत दिवे लावून चित्रण करणे सर्वथा वर्ज्य मानले पाहिजे. विसावलेली वटवाघळे विचलित होतात, आणि पिल्लांच्या काळात तर हानी भरून येत नाही. तिन्हीसांजेला गुहेबाहेर अवरक्त (डोळ्यांना न दिसणाऱ्या प्रकाशाच्या) दिव्यांच्या साहाय्याने, उडत्या थव्याचे चित्रण करणे हाच योग्य मार्ग. त्यातही अडचण प्रकाशाची असते. संथगतीसाठी सेकंदाला 25 ऐवजी 100 चौकटी (फ्रेम) घेतल्या, की प्रत्येक चौकटीस चौथा हिस्साच प्रकाश मिळतो. ध्वनिमुद्रकाचे काम त्या मानाने सोपे असते. या जातीची साद 15 किलोहर्ट्झच्या आसपास असल्याने ती तरुण कानाला ऐकू येऊ शकते.

पावसाळ्यात घाटमाथ्यावर लेन्सला बुरशी धरते, म्हणून साहित्य ओलावा शोषणारे सिलिका जेल घातलेल्या हवाबंद पेटीत ठेवतात. अभयारण्यातील चित्रणाला कर्नाटक वनखात्याची पूर्वपरवानगी लागते. वाटा, पाणवठे व गव्यांचे कळप यांची खरी माहिती तळेवाडी, कृष्णापूर येथील रहिवाशांकडेच मिळते. श्रेयनामावलीत त्यांची नावे यायलाच हवीत.

प्रशिक्षणासाठी पुण्याची चित्रपट संस्था (स्थापना 1960) जवळची. तथापि अनेक जण छायाचित्रणाकडून किंवा साहाय्यकाच्या कामातून या व्यवसायात येतात.

जिल्ह्याच्या पूर्वेकडे घटप्रभा पक्षी अभयारण्य (1974) आहे. हिवाळ्यात येणारे कांड्या करकोचे येथील प्रमुख विषय. चित्रण सकाळी लवकर उरकतात, कारण ऊन चढले की तापलेल्या हवेमुळे लांब पल्ल्याच्या लेन्समधील चित्र थरथरू लागते.