क्रूरता आणि परित्याग (हिंदू विवाह कायदा)

हिंदू विवाह अधिनियम, १९५५ च्या कलम १३(१) मधील घटस्फोटाची दोन कारणे: जोडीदाराचा छळ आणि जोडीदाराला सोडून जाणे. मूळ कायद्यात या दोन्हींवर फक्त न्यायिक विभक्तता, म्हणजे विवाह न मोडता वेगळे राहण्याची मुभा, मिळत असे. घटस्फोट मिळू लागला तो १९७६ च्या दुरुस्तीनंतर. मुंबई प्रांतात मात्र १९४७ च्या कायद्याने परित्यागासाठी घटस्फोटाची सोय आधीच केली होती, चार वर्षांच्या मुदतीने. आज ही मुदत दोन वर्षांची आहे.

क्रूरतेची व्याख्या कायद्यात नाही. १९७६ पूर्वी ‘एकत्र राहणे अपायकारक ठरेल अशी रास्त भीती’ दाखवावी लागे, ती अट आता नाही. मारहाणीला दवाखान्याचा कागद किंवा पोलिस ठाण्यातली एन.सी. (अदखलपात्र गुन्ह्याची नोंद) तरी असते, टोमणे, अबोला, चारचौघांतला अपमान यांना बहुधा काहीच नसते. सर्वोच्च न्यायालयाने २००७ मध्ये समर घोष खटल्यात मानसिक क्रूरतेची वानगीदाखल उदाहरणे दिली, पण संसारातल्या नेहमीच्या कुरबुरी म्हणजे क्रूरता नव्हे, हेही बजावले.

पुराव्याची पट्टी ठरवली ती पुण्याच्या एका खटल्याने. दास्ताने विरुद्ध दास्ताने (१९७५) या निकालात न्यायमूर्ती य. वि. चंद्रचूड यांनी म्हटले की वैवाहिक दावा दिवाणी असतो. फौजदारीसारखा संशयातीत पुरावा नको, शक्यतेचे पारडे कुठे झुकते ते पाहावे. पत्नीची वागणूक क्रूरतेची होती, हे न्यायालयाने मान्य केले. तरीही दावा आणणारा पती हरला. त्या प्रसंगांनंतरही दोघांचे पतिपत्नीसंबंध चालू होते. १९६१ च्या फेब्रुवारीत ती दोघे वेगळी झाली आणि त्याच वर्षी त्यांना अपत्य झाले. म्हणजे क्रूरतेला क्षमा केली गेली होती, आणि कलम २३ नुसार अशी क्षमा अर्जाच्या आड येते. छळ सिद्ध होऊनही हाती काही न लागण्याचे याहून बोलके उदाहरण सापडणे कठीण. क्षमा केल्यावर तोच छळ पुन्हा झाला, तर मात्र जुने प्रसंगही जिवंत होतात.

जाबदाराची, म्हणजे ज्याच्याविरुद्ध अर्ज आहे त्याची, कैफियत (लेखी उत्तर) हाही पुरावा ठरू शकतो. जोडीदाराच्या चारित्र्यावर त्यात बिनबुडाचे आरोप केले आणि ते सिद्ध झाले नाहीत, तर ते आरोप हीच क्रूरता, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९४ मध्ये आणि पुन्हा २००३ मध्ये ठरवले. बचावाच्या भरात लिहिलेले पान असे उलटते.

परित्यागात नुसते अंतर पुरत नाही. वेगळे राहणे आणि संसार कायमचा मोडण्याचा इरादा, दोन्ही दाखवावी लागतात. शिवाय अर्जदाराची संमती नव्हती आणि त्याने जाण्याजोगे कारण दिले नव्हते, हेही. १९५६ मध्ये निकाल लागलेल्या एका खटल्यात माहेरी गेलेल्या पत्नीला परत पाठवू नका, अशी तार पतीनेच सासऱ्यांना केली होती. परित्याग सिद्ध झाला नाही. घराबाहेर कोण पडले यापेक्षा कोणामुळे पडले, हे मोलाचे: नांदणे अशक्य करून जोडीदाराला बाहेर काढणाराच परित्याग करणारा ठरतो. दोन वर्षे सलग आणि अर्ज दाखल होण्याच्या लगेच आधीची हवीत. म्हणूनच ‘नांदायला या’ अशा नोटिसा आणि त्यांची उत्तरे वकील जपून ठेवतात. मनापासून बोलावले होते की फक्त फाइलसाठी, हे उलटतपासणीत पुष्कळदा उघडे पडते.

‘वारंवार छळ केला’ एवढ्या मोघम वाक्यावर अर्ज टिकत नाही. तारीख, जागा, समोर कोण होते, हे अर्जातच यायला हवे. जे तिथे नाही ते साक्षीत घुसडता येत नाही. घरातल्या गोष्टींना घरचीच माणसे साक्षीदार असणार, त्यामुळे आई किंवा बहीण साक्षीला आली म्हणून ती साक्ष आपोआप बाद होत नाही. कौटुंबिक न्यायालयाला १९८४ च्या कायद्याने पुराव्याच्या काटेकोर नियमांतून बरीच मोकळीक दिली आहे. मोबाइलमधले संदेश हजर करताना भारतीय साक्ष अधिनियम, २०२३ च्या कलम ६३ खालील प्रमाणपत्र जोडण्याची पद्धत आहे. जोडीदाराचे फोनवरचे बोलणे गुपचूप ध्वनिमुद्रित केले असले तरी घटस्फोटाच्या दाव्यात ते पुरावा म्हणून घेता येते, असा निकाल सर्वोच्च न्यायालयाने जुलै २०२५ मध्ये दिला.

परित्याग सिद्ध होणे अवघड दिसले की काही जण कलम ९ खाली नांदायला येण्याचा हुकूमनामा मागतात. तो होऊन वर्षभरात दोघे एकत्र आले नाहीत, तर त्याच आधारावर दोघांपैकी कोणालाही घटस्फोट मागता येतो.