ब्रिटिश-हिंदुस्तानी लष्करी बोली

ब्रिटिश-हिंदुस्तानी लष्करी बोली : भारतात तैनात असलेल्या ब्रिटिश पलटणींतील साध्या सैनिकांच्या तोंडी रुळलेली, हिंदुस्तानी शब्दांची भरपूर सरमिसळ असलेली इंग्रजी बोली. तिचा काळ ढोबळमानाने 18व्या शतकाच्या उत्तरार्धापासून 1947 पर्यंतचा धरला जातो. मात्र लिखित पुराव्याचा बराचसा भाग 19व्या शतकाच्या उत्तरार्धातला आणि पहिल्या महायुद्धानंतर निघालेल्या शब्दसंग्रहांतला आहे. त्यामुळे एखादा शब्द बराकीत नेमका केव्हा शिरला, हे सांगताना दहा-वीस वर्षे इकडेतिकडे धरावी लागतात. अधिकारी, मुलकी साहेब आणि मळेवाले यांच्या अँग्लो-इंडियन शब्दसंपदेशी ही बोली पुष्कळ ठिकाणी मिसळते. तरी दोन्ही एक नव्हेत.

अधिकाऱ्यांना हिंदुस्तानीच्या परीक्षा द्याव्या लागत. साध्या गोऱ्या शिपायावर तसे बंधन नव्हते. त्याचे शिक्षक म्हणजे भिश्ती, धोबी, न्हावी, आचारी आणि पलटणीच्या बाजारातले दुकानदार. या माणसांशी त्याचे बोलणे बहुतेक हुकमाचेच असे. म्हणूनच बोलीत आलेली क्रियापदे आज्ञार्थी रूपातच गोठलेली दिसतात. यूल व बर्नेल यांच्या 1886 सालच्या ‘हॉब्सन-जॉब्सन’ या कोशाने हे नेमके टिपले आहे : ‘पकडाओ’, ‘बनाओ’, ‘लगाओ’ ही रूपे इंग्रजी वाक्यात मूळ धातूसारखी चालवली जात. ‘देखो’ची तर आज्ञाही उरली नाही; त्याचे ‘डेको’ हे नाम होऊन ‘एक नजर टाकणे’ एवढा अर्थ राहिला. ‘जल्दी’चे ‘जिल्दी’ झाले. व्याकरणातला तपशील लहानसाच, पण बोलीच्या जन्माची इतकी स्पष्ट खूण दुसरी नाही.

नामांचा साठा रोजच्या गरजांचा आहे. रोटीची ‘रूटी’, चहाचा ‘चार’, देगचीची ‘डिक्सी’ (मोठे शिजवण्याचे भांडे), चिठ्ठीची ‘चिट’, चौकीची ‘चोकी’ (म्हणजे तुरुंग), पागलचा ‘पगल्ड’. बक्षीस किंवा बख्शिशवरून आलेल्या ‘बकशी’चा अर्थ फुकटचे, हिशेबाबाहेरचे असा झाला. दीर्घ सेवा व सद्वर्तनासाठी 1830 पासून दिल्या जाणाऱ्या पदकाला सैनिक ‘रूटी गाँग’ म्हणत (‘गाँग’ म्हणजे सैनिकी बोलीत पदक). इतकी वर्षे सरकारी रोटी खाल्ली त्याची ती पोचपावती, असा त्यातला टोमणा. ‘हॉब्सन-जॉब्सन’ हे शीर्षकही सैनिकी तोंडचेच आहे. मोहरमच्या मिरवणुकीतील ‘या हसन! या हुसैन!’ या आक्रोशाचे गोऱ्या शिपायांनी केलेले ते रूप. परका शब्द ऐकणाऱ्याने आपल्या ओळखीच्या ध्वनींत बसवून घ्यावा, या प्रवृत्तीला भाषाशास्त्रात पुढे याच कोशाचे नाव मिळाले.

‘ब्लाइटी’ म्हणजे मायदेश, इंग्लंड. याचे मूळ ‘विलायती’त आहे, याबद्दल आता फारसा वाद नाही. अरबी ‘विलायत’ म्हणजे प्रांत किंवा राज्य. फारसीमार्गे हिंदुस्तानीत येताना ‘परका मुलूख’ आणि मग ‘इंग्रजांचा मुलूख’ असा तिचा अर्थ झाला. मतभेद उरतो तो ध्वनीपुरता. आरंभीचा ‘ब’ उत्तर व पूर्व हिंदुस्थानातील ‘बिलायती’ या उच्चारातून सरळ मिळतो. मधल्या ‘ला’चा ‘लाइ’ मात्र लंडनच्या कामकरी वर्गाच्या उच्चाराने झाला असावा. शब्द जुन्या पलटणींत आधीपासून असला, तरी त्याचा खरा प्रसार 1914–18 च्या खंदकांत झाला. तेथे ‘ब्लाइटी’ म्हणजे घरी पाठवले जाईल एवढी मोठी, पण जीव न घेणारी जखम, असा दुसरा अर्थही त्याला चिकटला.

देवळाली आणि ‘डूलॅली टॅप’ : या बोलीतील सर्वाधिक चर्चिला गेलेला शब्दप्रयोग महाराष्ट्रातील आहे. मुंबईपासून रेल्वेने सुमारे 180 किमी. अंतरावर, नाशिकजवळच्या देवळाली येथे 1860 च्या दशकाच्या आरंभी (बहुधा 1861 मध्ये) लष्कराचा संक्रमण तळ उभारला गेला. नव्याने आलेले सैनिक येथून आपापल्या पलटणींकडे जात आणि मुदत संपलेले सैनिक मायदेशीच्या जहाजाची वाट पाहत येथे थांबत. सैनिक वाहून नेणारी जहाजे साधारणपणे हिवाळ्यातच सुटत. हंगाम संपता संपता ज्याची मुदत भरली, त्याला पुढच्या हंगामापर्यंत कित्येक महिने बसून काढावे लागत. काम नाही, बंदूक नाही, लढाई नाही. अशा माणसांच्या विचित्र वागण्याला ‘डूलॅली टॅप’ हे नाव पडले. छापील नोंद बरीच उशिराची, 1920 च्या दशकातील सैनिकी शब्दसंग्रहांतली आहे. प्रयोग त्याहून निदान एका पिढीने जुना असावा.

‘डूलॅली’ हे देवळालीचे रूप, याबद्दल एकमत आहे. ‘टॅप’ हा हिंदुस्तानी ‘तप’, म्हणजे ज्वर. तो फारसीतून आला की संस्कृत ‘ताप’पासून, यावर कोशकारांनी बरीच शाई खर्च केली आहे; बराकीतल्या शिपायाला दोन्ही सारखेच होते. मराठी वाचकाला तर ‘डोक्याला ताप’ या रोजच्या प्रयोगामुळे अर्थ कोशावाचूनच कळतो, अर्थात तो व्युत्पत्तीचा पुरावा नव्हे. पुढे इंग्रजी बोलणाऱ्यांनी या ‘टॅप’चा संबंध डोक्यावरच्या टिचकीशी जोडला, आणि कालांतराने ते पद गळून नुसते ‘डूलॅली’ उरले.

खरा वाद कारणाचा आहे. एका मताप्रमाणे निष्क्रियता आणि कंटाळा हेच मूळ. दुसऱ्या मताप्रमाणे देशभरातून मनोरुग्ण सैनिक येथे आणून ठेवले जात, म्हणून गावाचे नाव वेडाशी जोडले गेले. इंग्लंडमध्ये नेटली येथील लष्करी रुग्णालयात 1870 मध्ये मनोरुग्णांसाठी स्वतंत्र इमारत सुरू झाली होती. तेथे पाठवायचे रुग्ण देवळालीवरून जात असणे संभवनीय आहे, म्हणून हे मत सरळ झटकता येत नाही. तिसरे मत ऊन आणि हिवताप यांना दोष देते. पण देवळालीची हवा देशातील इतर कित्येक छावण्यांपेक्षा सौम्य असल्याने ते दुबळे ठरते. पहिले मत सैनिकांच्या स्वतःच्या सांगण्याशी अधिक जुळते.

संदिग्ध व्युत्पत्ती : हिंदुस्थानात राहून आलेला प्रत्येक विचित्र शब्द तेथलाच, असे मानण्याचा मोह जुन्या संग्राहकांना आवरला नाही. ‘टिकेटी-बू’ (सारे ठीकठाक) हा ‘ठीक है, बाबू’वरून आला, ही गोष्ट आकर्षक आहे, परंतु शब्द छापील रूपात 1930 च्या दशकाच्या अखेरीस दिसू लागतो आणि ‘हवे तेच’ या अर्थी इंग्रजीत ‘तिकीट’ हा शब्द त्याआधीच रूढ होता. ‘कुशी’ (आरामाचे काम) याला ‘खुश’ किंवा ‘खुशी’चा आधार बराच भक्कम मानला जातो, तरी ‘कुशन’चाही हातभार असू शकेल. साध्या कपड्यांना ‘मुफ्ती’ का म्हणत, याचा उलगडा सहसा असा करतात : अधिकाऱ्याचा फुलाफुलांचा झगा आणि गोंड्याची टोपी रंगभूमीवरील मुफ्तीच्या वेषासारखी दिसे.

उलट दिशेचा प्रवास : देशी शिपायांनीही इंग्रजी शब्द आपल्या तोंडात बसवले. ‘रिक्रूट’चा रंगरूट, ‘ऑर्डर्ली’चा अर्दली. पहारेकऱ्याच्या ‘हू कम्स देअर’ या हाकेचे ‘हुकुमदार’ झाले. येथे हॉब्सन-जॉब्सनचीच रीत उलटी चाललेली दिसते. ‘पलटण’ या मराठीत पूर्ण मुरलेल्या शब्दाचे मूळ काहींच्या मते ‘बटॅलियन’, तर काहींच्या मते फ्रेंच ‘पेलोतों’ किंवा इंग्रजी ‘प्लटून’. उच्चार दुसऱ्या मताकडे झुकतो, पण पलटण ही लहान तुकडी नसून मोठे दळ असल्याने अर्थ पहिल्याकडे. महादजी शिंदे यांच्या कवायती फौजेच्या संदर्भात येणाऱ्या ‘कंपू’चे (म्हणजे अशा फौजेच्या मोठ्या दळाचे) मूळ इंग्रजी ‘कँप’ की पोर्तुगीज ‘कांपो’, हेही अनिर्णित आहे. ‘गारदी’ मात्र फ्रेंच ‘गार्द’वरून आला असावा. पानिपतावर (1761) लढलेला इब्राहिमखान गारदी बुसी या फ्रेंच सेनानीच्या कवायतीत तयार झाला होता आणि 1773 मध्ये नारायणराव पेशव्यांचा खून झाला त्या वेळी तो शब्द पुण्यात सर्वतोमुखी होता.

28 फेब्रुवारी 1948 रोजी सॉमरसेट लाइट इन्फंट्रीची तुकडी गेटवे ऑफ इंडियामधून बाहेर पडली; भारतातून जाणारी ती अखेरची ब्रिटिश पलटण. त्यानंतर नवे शब्द येणे थांबले. तरीही ब्रिटिश सैन्यात पावसापासून आडोसा करण्याच्या कापडाला आजही ‘बाशा’ म्हणतात (मूळ आसामी-बंगाली शब्द झोपडीचा, ब्रह्मदेशच्या मोहिमेत रुळलेला), पहाऱ्याच्या तटबंद चौकीला ‘सँगर’, आणि नौदलात कपडे धुण्याला ‘धोबी’.